मंजुळेचा अंगठा

१

जिनं जन्मात शेजारणीकडून वाटीभर साखर उसनी आणली नव्हती, त्या बाईच्या दारात कोर्टाचा बेलीफ पंधरा हजारांच्या कर्जाचं समन्स घेऊन उभा राहिला. चेंदणी कोळीवाड्यात बातमी पसरायला वेळ लागतोच कुठे! मंजुळा नाखवा मासळीची टोपली ओट्यावर तशीच टाकून निघाली, ती थेट टेंभी नाक्यावर त्र्यंबक गुप्ते वकिलांच्या ऑफिसात. सोबत मालन होती, तिची वीस वर्षांपासूनची शेजारीण. मूळची साताऱ्याकडची, पण आता कोळीवाड्यातच मुरलेली.

"साहेब, हा पोपट चौगुले कोन, मना ठावं नाय," मंजुळा म्हणाली. "त्याचं त्वांड मी बगलेलं नाय. आनि हा बोलतंय, मी डोंबिवलीला त्याच्या हापिसात जाऊन पैसं घेतलं!"

तिनं दोन्ही हात टेबलावर आपटले. डाव्या हातातला हिरवा चुडा खळखळला. उजवा हात मोकळा होता, जुन्या वळणाच्या कोळणीचा असतो तसा.

गुप्त्यांनी वचनचिठ्ठीची नक्कल वाचली. घरखर्चासाठी पंधरा हजार रोख मिळाले, मागाल तेव्हा व्याजासह परत करीन. तारीख गेल्या शिमग्याची. खाली रेव्हेन्यू तिकीट, तिकिटावर अंगठा आणि शेजारी लिहिलेलं, 'निशाणी डाव्या हाताचा अंगठा, मंजुळा धाकू नाखवा'. अशा चिठ्ठीला साक्षीदार लागत नाही. अंगठा खरा ठरला की निम्मी लढाई तिथेच संपते. मग मंजुळेच्या नवऱ्याची, धाकूची होडी विकून पैसे भरावे लागणार, आणि धाकट्या मुलीचं लग्नही ठरलेलं.

"तुम्ही कधी कुठल्या कागदावर..."

"नाय दिला अंगठा!" मंजुळा ठासून म्हणाली. "ह्यात माज्या थोरल्या जावेचा हात हाय. शेवंतीचा. जळतंय ती माज्यावर. धाकटीच्या हळदीला तिला पाय ठेवू देनार नाय मी. थोरल्या काकीचा मान गेला खड्ड्यात."

"असू दे गं, घरचंच माणूस हाय," मालन हळूच म्हणाली. मग गुप्त्यांकडे वळली. "साहेब, मंजुळा देवमाणूस हाय. कुणाला न्हाई म्हणत न्हाई. देवानं दिलंया तिला, मग द्यायला काय जातंय!"

गुप्त्यांना हे बोलणं कुठेतरी ऐकल्यासारखं वाटलं, पण त्या वेळी त्यांचं लक्ष दुसरीकडे होतं. गरीब कोळणीची केस, फीचे वांधे, समोर अंगठा. त्यांनी नाहीच म्हटलं असतं. पण दाव्याच्या शेवटच्या पानावर वादीच्या वकिलाची सही होती. विश्राम सावंत.

"घेतली केस," गुप्ते म्हणाले.

हा विश्राम एके काळी गुप्त्यांचा ज्युनिअर होता. त्यांच्याच टेबलाच्या कोपऱ्यावर बसून त्यानं दिवाणी कायदा गिरवला. सहा वर्षांपूर्वी डोंबिवलीच्या एका बिल्डरचा जावई झाला आणि त्याचे दिवस पालटले. काचेची केबिन आली, पांढरी मारुती आली. गुप्ते मात्र अजून लॅम्ब्रेटाला किका मारत होते. बरं, माणूस उर्मट असता तरी सोसलं असतं. पण विश्राम अजूनही भर कोर्टात वाकून 'सर' म्हणायचा, चहा पाजायचा, किरकोळ कामं 'सर, तुम्ही बघा' म्हणून पाठवून द्यायचा. त्या कामांवर गुप्त्यांचं घर बऱ्यापैकी चालायचं, आणि तेच त्यांना डाचायचं. बाररूममध्ये कुणी विश्रामचा विषय काढला की गुप्ते म्हणत, "हुशारच आहे पोरगा. सासराही चांगला मिळाला."

२

कोर्टानं चिठ्ठीवरचा ठसा तपासायला तज्ज्ञाकडे पाठवला. मंजुळेच्या दोन्ही हातांचे ठसे घेतले गेले. ती त्या दिवशी मजेत होती. आता खोट्याच्या कपाळी गोटा, अशी तिची खात्री होती.

अहवाल आला त्या सकाळी विश्राम कोर्टाच्या व्हरांड्यात गुप्त्यांची वाट बघत उभा होता.

"सर, वाईट वाटतं सांगायला," तो म्हणाला. "ठसा तुमच्याच बाईचा आहे. शंकाच नाही."

विश्रामच्या चेहऱ्यावर खरंच वाईट वाटल्याचा भाव होता, त्यामुळे गुप्त्यांना अधिकच संताप आला.

"घरी निघालात का सर? सोडतो गाडीनं."

"पाय आहेत मला," गुप्ते म्हणाले आणि अहवाल घेऊन पारावर जाऊन बसले. एकदा वाचला, दोनदा वाचला. तिसऱ्यांदा वाचताना मात्र ते ताडकन उठले.

ठसा मंजुळेचाच होता. पण उजव्या अंगठ्याचा.

चिठ्ठीत स्पष्ट लिहिलेलं, डाव्या हाताचा. सगळेच तसं लिहितात, कारण सगळेच डावा देतात. लिहिणाऱ्यानं सवयीनं लिहून टाकलं, कारण अंगठा उठताना त्यानं बघितलाच नव्हता. गुप्त्यांना हे लख्ख दिसलं. पण हेही दिसलं, की विश्राम 'लेखनातली चूक' म्हणून ते एका वाक्यात उडवून लावेल. त्याच्या जागी ते असते तर त्यांनीही तेच केलं असतं.

संध्याकाळी त्यांनी मंजुळेला बोलावलं. यावेळी एकटीला.

"उजवा अंगठा कधी दिलात?"

"उजवा कनाला देईन मी?" मंजुळा चिडली. मग थबकली. तिनं डाव्या अंगठ्याकडे बघितलं. मुळाशी जुना व्रण होता. "एकदा दिलेला, साहेब. दोन वरसं झाली. गनपतीच्या आदी, मासली साफ करताना, शिंगाळीनं काटा मारलेला. शिंगाळीचा काटा लय इखारी. हात असा सुजलेला! मालननं रोज येऊन हळद गरम करून बांधली, म्हनून अंगठा ऱ्हायला."

"त्या दिवसांत कुणाकुणाला अंगठा दिलात?"

मंजुळेनं आठवून आठवून सांगितलं. मच्छीमार सोसायटीत डिझेलसाठी, तिथे सेक्रेटरी भिवा. शेवंतीनं आणलेल्या घरपट्टीच्या अर्जावर. आणि मालनच्या भिशीत, त्या महिन्यात मंजुळेची भिशी लागली होती, त्या पावतीवर.

"पावतीवर काय लिहिलेलं?"

"मना वाचता येत नाय. आनि तवा काय लिवलेलंच नसतं. मालन सावकाश लिवते ना, मंग गर्दीत आदी सगल्यांचं अंगठं घेते, तिकीट लावून. मजकूर घरी बसून भरते. सगल्या बायका असाच देतात."

आधी अंगठा, मग मजकूर! गुप्ते कपाळाला हात लावून बसले.

"आता एक करा. उजव्या हाताबद्दल घरीदारी अवाक्षर काढू नका. मालनलाही नाही, शेवंतीलाही नाही."

"मालनला पन नाय?" मंजुळेला ते पटलं नाही, पण तिनं मान हलवली.

३

दुसऱ्या दिवशी गुप्ते कोळीवाड्यात गेले. तिघांना त्यांनी एकच गोष्ट विचारली. सहज, गप्पांच्या ओघात. मंजुळेला शिंगाळीनं काटा मारल्याचं आठवतं का?

भिवा सोसायटीच्या पायरीवर विडी ओढत बसला होता. "आठवतंय की! ओरडली म्हनजे काय, खाडीपलीकडं कळव्याला ऐकायला गेलं असेल. डिझेलला उजवा अंगठा दिलेला तिनं. बगायचाय? हा घ्या." त्यानं कपाट उघडून कागद पुढे केला. मजकूर, तारीख, अंगठा, सगळं जागच्या जागी. भिवाचा कागद भिवापाशीच होता.

शेवंती अंगणात बोंबील वाळत घालत होती. गुप्त्यांना बघून तिनं कमरेवर हात ठेवले.

"माज्यावर आळ घेतलाय ना तिनं? घेऊ दे. जळते मी, जळणारच! सासऱ्यानं होडी धाकल्याला दिली, मी थोरली असून. तिच्या त्वांडावर सांगितलंय मी. काटा मारलेला तवा मी हसलेली पन. बोलली, बरं झालं, दोन दीस त्वांड तरी बंद ऱ्हाईल." घरपट्टीचा अर्ज तिनं त्याच दिवशी महापालिकेत दिला होता. पोच तिनं देव्हाऱ्यामागून काढून दाखवली.

मालन तिच्या खोलीत तांदूळ निवडत होती. नवरा तानाजी गिरणी बंद पडल्यापासून मिळेल ते काम करायचा. आता तो घरी नव्हता. मालननं पाट दिला, पाणी दिलं.

"काटा?" ती म्हणाली. तिची बोटं तांदळात थांबली. "न्हाई बा. मला तर काय आठवत न्हाई. कोळणीच त्या, रोजच लागत आसंल काय ना काय."

गुप्ते पाणी प्यायले, आभार मानून बाहेर पडले आणि गल्लीच्या टोकाशी उभे राहिले. ज्या बाईनं रोज जाऊन हळद बांधली, नेमकी तीच विसरली. वैरीण जाऊ विसरली नव्हती, विडीबहाद्दर भिवा विसरला नव्हता. तो काटा कोर्टात महत्त्वाचा आहे हे अजून कुणाला ठाऊकच नव्हतं. ज्याला लपवावासा वाटला, त्यालाच चिठ्ठीवरचा अंगठा उजवा असल्याचं माहीत होतं.

आणि मग त्यांना आठवलं, पहिल्या दिवशी मालनचं बोलणं ऐकल्यासारखं का वाटलं होतं. 'देवानं दिलंया तिला, मग द्यायला काय जातंय.' 'हुशारच आहे पोरगा. सासराही चांगला मिळाला.' चाल तीच होती. स्तुतीच्या शेपटीला नांगी. ही चाल ज्याच्या पोटात दुखतं त्यालाच जमते, आणि ओळखूही त्यालाच येते. गुप्त्यांना स्वतःची शरम वाटली. ती फार वेळ टिकली नाही, कारण विश्रामला हरवायचं अजून बाकी होतं.

पण हरवायचं कशानं? मालननं पोपटला कागद दिला, हे सिद्ध कोण करणार? ती कबूल होणार नाही, पोपट तर नाहीच. हातात होता फक्त एक जुना व्रण.

४

साक्षीच्या दिवशी पोपट चौगुले सफारी सूट घालून पिंजऱ्यात उभा राहिला. गळ्यात साखळी, केसांना तेल. डोंबिवली स्टेशनजवळ त्याचं फायनान्सचं ऑफिस होतं.

विश्रामनं अपेक्षेप्रमाणे पहिल्याच फटक्यात अडचण दूर केली. "चिठ्ठीत डाव्या हाताचा अंगठा असं लिहिलं आहे. तज्ज्ञ म्हणतात उजव्या हाताचा. खरं काय?"

"उजव्याच हाताचा दिला, साहेब. माझ्यासमोर दिला. लिहिताना सवयीनं डावा लिहिलं गेलं."

न्यायाधीशांनी मान डोलावली. मंजुळेनं कोर्टाच्या बाकावर मालनचा हात घट्ट धरला. धाकू छताकडे बघत होता, होडी आताच लिलावात गेल्यासारखा.

गुप्ते उलटतपासणीला उठले. त्यांचा आवाज इतका गोड कधीच नसतो.

"चौगुले, बाई तुमच्या ऑफिसात आल्या. तुम्ही चांगले माणूस, बसायला सांगितलं असेल?"

"हो तर! खुर्ची दिली, पंखा लावला."

"चहा?"

"मागवला ना. बाई बिचारी रडत होती."

"अशिक्षित बाई. अंगठा कसा द्यायचा, तुम्हीच दाखवलंत?"

खोटं बोलणाऱ्याला तपशिलाचा फार मोह. पोपट खुलला. "मीच शाईचा पॅड पुढे केला. त्या हात पुढे करणार, तेवढ्यात मी म्हटलं, बाई, बांगड्या वर सारा, शाई लागेल. हिरव्यागार बांगड्या होत्या, मनगटभर. त्यांनी त्या कोपराकडे सारल्या, मग मी अंगठा धरून उठवला."

"कुठल्या हातातल्या बांगड्या?"

"उजव्या. ज्याचा अंगठा दिला त्याच हातातल्या."

"काचेच्या?"

"काचेच्याच. खळखळ वाजत होत्या."

"नीट आठवतं?"

"डोळ्यांसमोर आहे, साहेब."

गुप्ते वळले. "मंजुळाबाई, उभ्या राहा. दोन्ही हात वर करा."

मंजुळेनं हात वर केले. डाव्या हातावरून चुडा खळखळत कोपराकडे घसरला. उजवा हात रिकामा.

"साहेब," गुप्ते न्यायाधीशांना म्हणाले, "ही बाई जुन्या चालीची कोळीण आहे. लग्नात यांच्या उजव्या हाताचा चुडा दर्याला वाहतात, घरधन्याला सुखरूप ठेव म्हणून. नवरा जिवंत असेतो त्या हातात पुन्हा काच चढत नाही. हिच्या लग्नाला तीस वर्षं झाली, आणि नवरा हा मागे बसला आहे. वादीनं डोळ्यांनी पाहिलेल्या बांगड्या या हातात कधी नव्हत्याच. त्यानं बाईच पाहिलेली नाही. त्याच्याकडे आयता अंगठा आला, आणि त्यानं वर मजकूर भरला."

कोर्टात कुजबुज झाली. मागच्या बाकावरच्या दोन कोळणींनी आपसूक आपला उजवा हात पदराखालून बाहेर काढला. दोन्ही मोकळे. पोपट एकदा मंजुळेच्या हाताकडे, एकदा विश्रामकडे बघत राहिला. त्याच्या कपाळावरचं तेल ओघळू लागलं.

"डावा असेल साहेब... डाव्या हातातल्या असतील बांगड्या..."

"मग डावा अंगठा कुठे आहे?" न्यायाधीशांनीच विचारलं.

विश्रामनं फाईल मिटली. "मला फेरतपासणी करायची नाही," तो म्हणाला, आणि पोपटकडे त्यानं पुन्हा बघितलंही नाही.

पुढे गुप्त्यांनी मंजुळेची आणि भिवाची साक्ष घेतली. शिंगाळीचा काटा, तेव्हाच्या कागदावरचा उजवा अंगठा, सगळं आलं. अंगठा खरा असला म्हणून चिठ्ठी करून दिली असं होत नाही, असं म्हणून कोर्टानं दावा फेटाळला. होडी वाचली. धाकू कोर्टाच्या आवारातच रडला.

विश्राम हात पुढे करून आला. "सर, बांगड्यांचं मला जन्मात सुचलं नसतं. मजा आली." हरल्याचं दुःख त्याच्या तोंडावर औषधालाही नव्हतं. गुप्त्यांचा निम्मा आनंद तिथेच नासला.

५

निकालाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी ते मालनच्या दारात उभे राहिले. तिनं एकदा त्यांच्याकडे बघितलं आणि खाली बसली.

"पोपटचे पैसे होते तुमच्यावर?" गुप्त्यांनी विचारलं.

"चार हजार. गिरणी बंद पडल्यावर घेतलेलं. म्हणला, अंगठ्याचा एखादा कोरा कागद दे, तुझं सोडतो."

"तुमच्याकडे भिशीच्या किती बायकांचे असे कोरे कागद पडले होते?"

"लई."

"मग मंजुळेचाच का दिलात?"

मालन बोलली तेव्हा तिचा आवाज बदललेला होता.

"इस वरसं तिच्या घरनं कालवण येतंय, साहेब. पोरांची फी तिची. माझं बाळंतपण तिनं केलं. एकदा परत मागितलं न्हाई. आमचं हे जेवताना रोज म्हणायचं, मंजुळावैनी हाय म्हणून आपण हाय. मी वाढलेल्या ताटावर बसून! एकदा, फकस्त एकदा तिनं माझ्या दारात यिऊन वाटी पुढं करावी, एवढंच वाटायचं. केली न्हाई. मग म्हटलं, कागदावर का हुईना, हिचा हात पसरल्याला दिसू दे."

"मला तिला सांगावं लागेल. शेवंतीवर आळ आहे. उद्या हळद आहे."

मालननं एकदम त्यांचे पाय धरले. "नका सांगू, साहेब! ती रागावंल म्हणून न्हाई. ती मला माफ करंल. माफ करंल आनि वरनं कालवण धाडंल. त्ये मला न्हाई सोसायचं."

गुप्त्यांना तिची कणव आली. गाडीनं सोडतो म्हणणाऱ्याला 'पाय आहेत मला' म्हणणं काय असतं, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक? पण निरपराध शेवंती मांडवाबाहेर राहिली असती. ते तसेच मंजुळेकडे गेले आणि त्यांनी सगळं सांगितलं. मालन शेवटी काय म्हणाली तेवढं मात्र सांगितलं नाही.

मंजुळा आधी हसली. मग तिला ते खरं असल्याचं कळलं. ती उठली, पदर खोचला आणि गल्लीतून चालू लागली. गुप्ते मागोमाग धावले.

"मालन! भायेर ये, सटवे!"

दारं उघडली, खिडक्या उघडल्या. मालन उंबऱ्यात येऊन उभी राहिली, मान खाली घालून.

"माजा गला कापलास तू!" मंजुळा ओरडली. "वीस वरसं माजं खाल्लंस! तुज्या पैल्या पोराला पाच महिनं माज्या घरचं दूध गेलं. थोरल्याच्या फीचं दोनशे, धाकल्याचं दीडशे. तानाजीला ताप आलेला तवा डाक्तरचं नव्वद मी दिलं, अजून नाय आलं परत! दिवालीला तुला लुगडं घेतलं, हिरवं, बासष्ट रुपयाचं. पापलेट किती खाल्लीस? दर रविवारी दोन, आनि ती पन मोठी..."

मालननं मान वर केली.

तिच्या तोंडावर भीती नव्हती. लाज होती, पण त्यामागून दुसरंच काहीतरी वर येत होतं. ती मंजुळेकडे डोळे फाडून बघत राहिली, आणि मग म्हणाली, "बासष्ट?"

"बासष्ट! टेंभी नाक्यावरच्या दुकानातनं."

"तू मोजत व्हतीस व्हय गं, मंजुळे? इतकी वरसं सगळं मोजत व्हतीस?"

मंजुळेचं तोंड उघडंच राहिलं. मालन उंबऱ्यावर बसली आणि हुंदके देऊन रडायला लागली, पण ते रडणं कित्येक वर्षांचं ओझं उतरल्यासारखं होतं. पलीकडच्या अंगणातून शेवंती हात पुसत आली आणि दोघींच्या मध्ये उभी राहिली, उद्याच्या हळदीला आपल्याला बोलावणं आहे की नाही, ते विचारायला.

गुप्ते कोळीवाड्यातून बाहेर पडले. विश्रामसुद्धा घरी बसून, कुठेतरी मनातल्या मनात, सरांना किती कामं धाडली आणि किती चहा पाजले ते मोजत असेल, असा विचार त्यांच्या मनात आला, आणि सहा वर्षांत पहिल्यांदाच त्यांना त्याच्याबद्दल बरं वाटलं.